दुथडीतला दिवा मंत्रानं पेटत नाही, दुरुस्ती छापावी

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

आधी कामाचं बोलतो, कारण बायको म्हणली तुम्ही मुद्द्यावर यायच्या आधी तीन गावं फिरून येता आणि पेपरवाल्यांना तेवढा टाईम नसतो. तर काम असं, मागच्या आठवड्यात आपल्या पेपरात आमच्या तालुक्याला झालेल्या शाळकरी मुलांच्या कथास्पर्धेची बातमी आली, फोटोसकट, चांगली मोठी, आणि तिच्यात खाली एक वाक्य होतं की एका विद्यार्थिनीनं कथेत मंत्र म्हणून दिवे पेटवायचा अघोरी विधी दाखवला, अशा लिखाणानं मुलांमध्ये अंधश्रद्धा वाढते अशी खंत परीक्षकांनी व्यक्त केली. नाव छापलेलं नाही पण ती विद्यार्थिनी माझी पुतणी आहे, आठवीला आहे, आणि ते वाक्य साफ चूक आहे. तिच्या कथेतल्या दुथडीत मंत्र नाहीये. तिथला दिवा पाण्यानं पेटतो. ही दुरुस्ती आपण छापावी एवढीच विनंती. बाकी पत्र वाचलं नाही तरी चालेल, पण वाचलंत तर बरं, कारण नेमकं काय छापायचं ते शेवटी लिहिलंय.

आता दुथडी कुठं आहे म्हणाल तर कुठंच नाही. पोरांनी अंधारात बसून बनवलेलं जग आहे ते. मी वीज कंपनीत वायरमन आहे, १९ वर्षं झाली, आणि वायरमनच्या घरचा नियम असा की गावाची लाईन गेली की बाकीच्यांचे बाप घरी असतात आणि आमच्या घरचा माणूस पोलवर. मग माझी पुतणी, तिचा धाकटा भाऊ आणि माझी दोघं अशी चार पोरं ओसरीवर बसायची, मोबाईलची बॅटरी पण संपलेली असायची, आणि मी फ्यूज टाकून, डीपीवर चढून, चार शिव्या खाऊन परत येईपर्यंत त्यांनी त्या जगाचा अजून एक तुकडा तयार केलेला असायचा. मी हातपाय धुवायच्या आधीच सुरू, काका आज नदीचं ठरलं. काका आज तिथल्या म्हशींचं ठरलं. (तिथल्या म्हशी बोलतात पण फक्त तक्रार करायला. हे धाकट्याचं डोकं.)

नाव दुथडी का, तर नदी दुथडी भरून वाहते असं पुस्तकात वाचायचं आणि बाहेर मांजरा नदी बघायची, त्यामुळं पोरांना तो शब्दच जादूचा वाटला. धाकट्याला तर कायम भरलेलीच नदी पाहिजे होती. पुतणी म्हणली, कायम भरलेलं असल्यावर कुणाला काय लागणारच नाही, मग गोष्ट कशाची होणार? मग त्यांच्यात तोड निघाली. आठ महिने नदी दुथडी, आणि उरलेले चार महिने सूर्य निघतच नाही, आणि सूर्य नाही म्हणून नदी पण डोंगरात झोपायला जाते. त्याला तिथं अंधारचौमास म्हणतात. त्या चार महिन्यांत ज्याच्या घरी रांजणात जेवढं भरून ठेवलंय तेवढंच पाणी. प्यायचं तेच आणि उजेड करायचा तो पण त्याच्यातूनच.

इथं तो विधी येतो ज्याच्यावरून एवढं झालं. त्याचं नाव ओंजळ. आपल्या बातमीत नाव पण आलं नाही.

गावाच्या मधोमध दगडाची दीपमाळ आहे, आपल्याकडं देवळापुढं असते तशीच, २१ कोनाड्यांची, आणि तिच्या पायाशी एक छोटं कुंड. अंधारचौमासातल्या दर अमावस्येला प्रत्येक घरातून एक माणूस ओंजळभर पाणी घेऊन निघतो. भांड्यात आणायचं नाही, कारण भांडी लहानमोठी असतात आणि मग भांडणं होतात. ओंजळीतूनच आणायचं. आता ओंजळ म्हणल्यावर ती गळणार, जवळच्या घराचं पाणी भरल्या हातानं पोचणार आणि शिवेवरच्या घराचं पोचेपर्यंत तीन थेंब उरणार, तर त्याला पुतणीनं काय केलंय बघा, की वाटेवर लोक उभे राहतात आणि जाणाऱ्याच्या हाताखाली आपले हात धरून चालतात, गळालेलं त्यांच्या ओंजळीत, त्यांचं गळालेलं पुढच्याच्या, असं करत करत शिवेवरच्या म्हातारीचं पाणी आठ-दहा जणांच्या हातातून कुंडापर्यंत येतं. मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझ्या हातात चहा होता, तो तसाच गार झाला.

कुंडापाशी निथळी उभी असते. निथळी म्हणजे पुजारीण नाही, भगत नाही, कुणी मोठं माणूस पण नाही. गावातली अशी एक पोरगी जिच्या पोटात कुठलंच गुपित राहत नाही, म्हणून तिला निवडतात. ती विचारते, रांजणात किती उरलं? आणि पाणी आणणाऱ्यानं मोठ्यानं सगळ्यांपुढं खरं सांगायचं. आमच्या रांजणात चार बोटं. आमच्यात अर्धा. आमचा तळ दिसायलाय. खरं सांगितलं की ते पाणी कुंडातून दीपमाळीच्या आतून वर चढतं आणि त्या घराच्या कोनाड्यात दिवा लागतो, आधी निळसर आणि मग पिकलेल्या ज्वारीच्या कणसाच्या रंगाचा, आणि तो पुढच्या अमावस्येपर्यंत राहतो. खोटं सांगितलं तर नुसता चर्र आवाज येतो, धूर निघतो, आणि सांगणाऱ्याच्या दोन्ही तळव्यांना काजळी धरते. महिनाभर जात नाही. दुसऱ्याच्या रांजणातलं चोरून आणलं असलं तरी तसंच. हे चोरीचं कलम मात्र माझ्यावरून आलंय, मी घरी आकडेवाल्यांबद्दल फार बोलतो ना. तारेवर आकडा टाकणाऱ्याच्या हाताला महिनाभर काजळी राहिली असती तर आमच्या सेक्शनचं अर्धं काम कमी झालं असतं साहेब.

बस, एवढा विधी. याच्यात मंत्र कुठं आहे मला कुणी दाखवावा. तोंडानं जे म्हणतात ते एकच, घरात पाणी किती उरलं. आणि चार बोटं उरलंय याला जर मंत्र म्हणायचं असेल तर २०१६ च्या उन्हाळ्यात सगळं लातूर मंत्र म्हणत होतं.

आम्ही तेव्हा लातुरातच भाड्यानं राहत होतो, सगळं कुटुंब. मांजरा धरण आटलेलं. नळाचा तर विषयच सोडा, टाक्यांवर आणि विहिरींवर भांडणं होऊ नयेत म्हणून पाणी भरायच्या जागी कलम १४४ लावलं होतं, म्हणजे पाच जणांनी एकत्र घागर घेऊन उभं राहायला पण बंदी. एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, पहिल्या गाडीला १० वाघिणी होत्या, ५ लाख लिटर, १२ एप्रिलला पोचली, आणि लोक वरात आल्यासारखे स्टेशनवर गेले होते. पुढं ५० वाघिणींची गाडी झाली. माझी पुतणी तेव्हा पाच वर्षांची, माझ्या भावानं तिला खांद्यावर बसवून नेलं होतं. तिला गाडी नीट आठवत नाही म्हणते. तिला आठवतं ते दुसरंच. आमच्या वाड्यात सगळ्यांनी आपापल्या टाक्यांवर पोती झाकली होती आणि कुणी विचारलं की पाणी आहे का, तर सगळे म्हणायचे नाही हो, आमचंच संपलं. आम्ही पण म्हणायचो. आमची आई म्हणायची, जिनं आयुष्यात कुणाला दारातून रिकामं पाठवलं नाही ती. पोरगी पाच वर्षांची असताना तिनं हे बघितलं आणि तेराव्या वर्षी एक असं गाव लिहिलं जिथं पाणी किती उरलं ते चौकात उभं राहून खरं सांगावं लागतं आणि सांगितल्यावरच उजेड पडतो. आता याला अंधश्रद्धा म्हणणाऱ्या माणसाला मी काय बोलू. मला तर वाचून आमच्या पोत्याची लाज वाटली.

परीक्षकांचा दुसरा मुद्दा, जो बातमीत नाही पण स्टेजवर बोलले, माईकवर, सगळ्यांपुढं, की पाण्यावर दिवा जळत नसतो बाळ, पाण्यानं दिवा विझतो, एवढं विज्ञान तरी पाहिजे. पोरं हसली. ती पण हसली म्हणे, पण घरी येऊन जेवली नाही.

साहेब, याच्यावर मला बोलू द्या, कारण हे माझ्या धंद्यातलं आहे. परळीला ज्योतिर्लिंग आहे आणि परळीलाच औष्णिक वीज केंद्र पण आहे. एका गावात दोन ज्योती, असं आमचे लोक गमतीत म्हणतात. तर ती दुसरी ज्योत कशावर जळते? लोक म्हणतात कोळशावर. अर्धं बरोबर आहे. कोळसा जाळून पाण्याची वाफ करायची, वाफेच्या जोरावर टर्बाइन फिरवायचं, आणि ती वाफ परत थंड करून पाणी करायचं, त्या थंड करायलाच पाणी लागतं आणि ते लई लागतं. २०१३ च्या दुष्काळात परळीचं केंद्र बंद ठेवायची वेळ आली आणि २०१५ ला परत बंद पडलं. कोळसा नव्हता म्हणून नाही. गोदावरीवरच्या खडका बंधाऱ्यातून तिथं पाणी येतं आणि बंधाऱ्यातच पाणी नव्हतं. माणसं होती, मशिनरी होती, चिमणी होती. पाणी नाही म्हणून दिवा नाही.

म्हणजे आमच्या पोरीनं जे लिहिलं ते मराठवाड्यात खरोखर झालंय. तिला परळीचं हे माहीत होतं का? होतं, मीच सांगितलं होतं, कारण तिनं मला विचारलं होतं की काका, उजेड कशापासून करतात, आणि मी सोप्यात म्हणलो होतो की आपल्याकडचा उजेड पाण्यापासून होतो बाई. तेवढं वाक्य तिनं धरून ठेवलं. त्यामुळं दोष द्यायचाच असेल तर मला द्या. विज्ञान शिकवण्यात माझं चुकलं असेल तर परीक्षकांनी एकदा आमच्या सबस्टेशनला यावं, चहा पाजतो.

पहिला नंबर आला त्या गोष्टीबद्दल मी वाईट बोलणार नाही, त्या पोराची भाषा छान होती, मी ऐकली. पण त्याच्यात बर्फाचं जंगल होतं, टोकदार कानाचे लोक होते, निळा क्रिस्टल होता आणि क्रिस्टल उचलला की उजेड, कुणाला काय द्यावं लागलं नाही, कुणाला काय सांगावं लागलं नाही. त्या पोरानं बर्फ फक्त फ्रिजमध्ये बघितलाय. त्याचा दोष नाही, मोबाईलमध्ये जे दिसतं तेच जग त्याला जादूचं वाटणार. दोष परीक्षकांच्या डोक्याचा, की बर्फातला क्रिस्टल म्हणजे कल्पनाशक्ती आणि रांजणातलं पाणी म्हणजे अंधश्रद्धा. एकाच स्टेजवर, एकाच दुपारी. मला तरी हा हिशोब लागला नाही, आणि मी मीटर रीडिंगचे हिशोब लावतो म्हणजे मला अवघड हिशोबांची सवय आहे.

आणि कल्पनेतलं जग ही बाहेरची गोष्ट आहे, आपल्या मातीतली नाही, असं कुणाला वाटत असेल तर पैठण आपल्याच मराठवाड्यात आहे हे सांगावं लागेल. पुतणीच्या मराठीच्या बाईंनी मला सांगितलं, मला आधी माहीत नव्हतं, की पैठणच्या सातवाहन राजाच्या दरबारी गुणाढ्य होता, त्यानं बृहत्कथा लिहिली, विद्याधरांच्या, उडणाऱ्या लोकांच्या गोष्टी, आणि लिहिली ती पैशाची नावाच्या जुन्या प्राकृत भाषेत. परंपरा अशी सांगते की सात लाख श्लोक होते, रक्तानं लिहिलेले, आणि राजानं ते असल्या भाषेत कसलं लिखाण म्हणून परत पाठवले. मग गुणाढ्य जंगलात गेला, आग पेटवली, एक एक पान मोठ्यानं वाचायचा आणि आगीत टाकायचा, आणि जनावरं चरायचं सोडून भोवती बसून ऐकायची. जनावरं वाळली, राजाच्या ताटातलं मांस कोरडं झालं, तेव्हा राजाला कळलं आणि तो पळत आला, तोवर एक लाख श्लोक उरले होते. मूळ ग्रंथ आज मिळत नाही, त्याच्यावरून पुढं काश्मिरात संस्कृतात कथासरित्सागर झाला. बाईंनी हे सांगितल्यावर पुतणी एकदम म्हणली, म्हणजे पहिले परीक्षक पण असेच होते. मी तिला रागावलो. वरवर.

उजेडाच्या रीती आपल्याकडं कमी आहेत का सांगा. नवरात्राच्या आधी तुळजापूरहून भवानी ज्योत घेऊन अनवाणी पळत आपल्या गावी येणारी पोरं रात्री रस्त्यानं दिसतात, दर वर्षी, ज्योत विझू द्यायची नाही म्हणून एकाच्या हातातून दुसऱ्याच्या हातात देत देत. (आता लक्षात आलं, ओंजळीखाली ओंजळ हे तिनं तिथूनच उचललं असणार, विचारतो.) देवीच्या आराध्यांचा पेटता पोत आहे, गोंधळ्यांची दिवटी आहे. आणि येळवस. लातूर, धाराशिवकडच्या माणसाला येळवशीबद्दल सांगायची गरज नाही पण पेपर सगळीकडं जातो म्हणून सांगतो, मार्गशीर्षातली अमावस्या, सगळं गाव शेतात, कडब्याच्या कोपीत पांडवांची पूजा, आंबील, भज्जी, उंडे खाऊन माणूस हलत नाही अशी अवस्था, आणि दिवस मावळताना हेंडगा. कडब्याची पेंडी पेटवायची आणि हातात धरून पिकाच्या कडेकडेनं पळायचं. मी लहानपणी पळालोय, गुडघ्यावर अजून डाग आहे. त्या वेळी मला कुणी विचारलं असतं की तू हे का करायलास, तर मला सांगता आलं नसतं. पीक चांगलं यावं म्हणून, असं मोठे म्हणायचे. माझ्या डोक्यात एवढंच होतं की थंडी आहे, अंधार पडायलाय, आणि माझ्या हातात जाळ आहे. हरभऱ्यावर तो उजेड कसा पडायचा ते अजून डोळ्यापुढं येतं.

पोरांना येळवशीला मीच नेतो. पण एक फरक बघा. हेंडगा मला वाडवडिलांनी दिला, मी का विचारलं नाही. ओंजळ तिनं स्वतः बनवली, त्यामुळं तिच्यातला एक एक नियम का आहे ते तिला विचारा, लगेच सांगते. भांडं का नाही, पोरगीच का, काजळी तळव्यालाच का. नियम चुकला असं वाटलं तर बदलते पण. आधी खोटं बोलणाऱ्याचा हात जळायचा असं होतं, धाकटा रडायला लागला म्हणून काजळी केली. २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा झाला तेव्हा मी पेढे वाटले नाहीत पण मला बरं वाटलं होतं, आमच्या गल्लीत एका बाईला अंगात येतं म्हणून काय काय चालायचं ते मी बघितलंय, त्यामुळं परीक्षकांच्या बाजूचाच माणूस आहे मी. पण जिनं स्वतःच्या हातानं विधी बनवलाय, धाकटा रडला म्हणून बदललाय, आणि तो खोटा आहे हे जिला पक्कं माहीत आहे, तिला कोण बुवा फसवणार? मला वाटतं तीच आधी विचारेल, महाराज, हा नियम का.

अजिंठ्याचं राहिलं. सहलीला गेली होती सातवीत. पहिल्या नंबरच्या लेणीत आत बुद्धाची मोठी मूर्ती आहे, तिच्यावर एका बाजूनं उजेड टाकला की चेहरा वेगळा दिसतो, दुसऱ्या बाजूनं टाकला की वेगळा, समोरून अजून वेगळा, गाईड लोक दाखवतात. घरी येऊन तिनं आमच्या आजोबांच्या फोटोवर टॉर्च मारून हेच चालवलं होतं दोन दिवस. ते पण दुथडीत गेलंय. दीपमाळीचा उजेड खालून वर पडतो म्हणून अमावस्येच्या रात्री सगळ्यांचे चेहरे ओळखीचे असून नवे दिसतात, आणि त्या एका रात्री कुणी कुणाला नावानं हाक मारायची नाही, चेहऱ्याकडं नीट बघायचं. याच्यावर गोष्टीत दोन पानं आहेत. मला ती थोडी लांबली असं वाटलं, खरं सांगायचं तर. म्हशी नाहीत त्याच्यात.

आता सगळ्यात वरचा कोनाडा, ज्याच्यावर गोष्ट संपते आणि जे परीक्षकांनी वाचलं नसावं असा माझा संशय आहे, कारण वाचलं असतं तर अघोरी हा शब्द तोंडातून आला नसता. वरचा कोनाडा कुणाच्याच घराचा नाही. तो कुलूप असलेल्या घरांचा. दुथडीत पण काही लोक अंधारचौमासात गाव सोडून पलीकडच्या मुलखात कामाला जातात, पाल ठोकून राहतात. पुतणीच्या वर्गात अशी एक मुलगी आहे जी दसऱ्यानंतर आईबापाबरोबर ऊसतोडीला जाते, बाक रिकामा राहतो, आणि उन्हाळ्यात परत येते तेव्हा परीक्षा झालेली असते. तर त्या कुलूपबंद घरांच्या नावानं शेजाऱ्यानं आपल्या रांजणातली एक ओंजळ आणायची आणि निथळीनं विचारलं की रांजणात किती उरलं, तर म्हणायचं, आम्हाला माहीत नाही. अख्ख्या विधीत एवढ्या एकाच ठिकाणी माहीत नाही म्हणायची परवानगी आहे. तरी दिवा लागतो. आणि तो सगळ्यात वर असल्यामुळं पलीकडच्या मुलखातून पण दिसतो.

स्पर्धेत शब्दमर्यादा होती म्हणून हा भाग तिनं अर्ध्या पानात बसवला.

साहेब, मला बक्षीस नको, फेरतपासणी नको, परीक्षकांनी माफी मागावी असं पण म्हणणं नाही, ते मोठे आहेत आणि दिवसभरात त्यांनी साठ-सत्तर गोष्टी ऐकल्या, माणूस कंटाळतो. पण आपल्या पेपरात एखाद्या पुढाऱ्याचं गाव चुकलं तरी दुसऱ्या दिवशी चौकटीत दुरुस्ती येते, मी वाचतो ते सगळं. दुथडी नकाशात नाही म्हणून तिथलं काहीही छापलं तरी चालतं असं नसावं. तर छापायची दुरुस्ती अशी:

"कथास्पर्धेच्या बातमीत एका कथेतील दिवे मंत्र म्हणून पेटवले जातात असे म्हटले होते. ते चुकीचे आहे. दुथडी येथील दीपमाळेचे दिवे ओंजळभर पाण्याने आणि रांजणात किती पाणी उरले हे खरे सांगितल्याने पेटतात. दीपमाळेला २१ कोनाडे असून विधीस पुजारी नसतो."

जागा कमी असेल तर पुजाऱ्याचं वाक्य काढा.

कळावे,
आपला,
एक वायरमन, लातूर जिल्हा
(नाव छापू नये, साहेब लोक पेपर वाचतात)

ता.क. पत्र पोस्टात टाकायच्या आधी पुतणीला वाचायला दिलं. ती म्हणते कोनाडे २० आहेत, वरचा मोजायचा नसतो, तो मोजला की तो पण घरांसारखाच झाला. मी म्हणलो मग तू आधी २१ का म्हणलीस, तर म्हणते आधी मोजत होते, काल रात्री लाईन गेली तेव्हा बदललं. तरी दुरुस्तीत २० करावे. पुढच्या लाईन जाण्यापर्यंत तरी हेच कायम आहे.